लंगडा ठोका

आमच्या दाराला बेल आहे, पण तिची तार आम्हीच तोडून ठेवली होती. दार वाजवायचं ते हाताने, आणि तेही एकाच पद्धतीने. टक टक, मग बोटाच्या पेराने लाकडावर एक ओढ, मग 'विसरला वाटतं' असं वाटेपर्यंत थांबायचं आणि शेवटचा टक. असं वाजलं तरच माझी ताई दार उघडायची.

ताई नवऱ्याला सोडून माझ्याकडे आली तेव्हा तिच्या हातात एक पिशवी होती आणि डाव्या कानाने तिला ऐकू येत नव्हतं. त्या माणसाला नात्याने मी दाजी म्हणायला हवं. मी 'तो' म्हणते. त्याहून जास्त अक्षरं त्याच्यावर खर्च करायची माझी तयारी नाही. कोर्टाने त्याला तिच्या आसपास फिरकायला बंदी केली होती, पण कोर्टाचा कागद काही आतून कडी घालत नाही. माझ्याकडे येण्याआधी ती एका मैत्रिणीच्या घरी लपली होती. तिथे एक दिवस दाराबाहेरून आईचा आवाज आला, "मीच आहे गं, उघड." ताईने उघडलं. आईच्या मागे तो उभा होता. त्याने आईला काय धाक घातला होता, हे आईने शेवटपर्यंत सांगितलं नाही. मागच्या वर्षी ती गेली.

तेव्हापासून ताईचा नियम होता. आवाजावर उघडायचं नाही, फोनवर विश्वास ठेवायचा नाही, दाराच्या भोकातून ओळखीचं तोंड दिसलं तरी नाही, कारण तोंडाच्या बाजूला कोण उभं आहे ते भोकातून दिसत नाही. हाताच्या खुणेवरच उघडायचं. आणि कुणाला धाक दाखवून दारापर्यंत आणलंच, तर त्याने मुद्दाम चुकीचं वाजवायचं. मग ताई कपाट दाराला लावणार आणि पोलिसांना फोन करणार.

खूण तिनेच ठरवली होती. ती आमच्या आईची चाल होती. आईचा उजवा गुडघा कामातून गेलेला. घरात ती चालली की दोन पावलं, मग चप्पल घासल्याचा आवाज, मग दुखणं गिळून उशिरा टाकलेलं एक पाऊल. लहानपणी आम्ही दोघी अभ्यास सोडून दंगा करायचो तो ती चाल ऐकू येईपर्यंत. त्यामुळे ताईला ती खूण पाठ करावी लागली नाही.

आता आमच्या रॅपच्या गटाबद्दल. आम्ही तिघं. मी लिहिते आणि तोंडाची तोफ चालवते. मास्तर माझ्याबरोबर म्हणतो. पोटासाठी तो लोकांना गाडी चालवायला शिकवतो. आणि भोपळा बीट बनवतो. भोपळा अंगाने काडी आहे, पण शाळेत गणितात इतक्या वेळा भोपळा मिळवला की नाव चिकटलं ते चिकटलंच. गटाचं नाव 'तिसरा मजला', कारण आमची पहिली गाणी माझ्या घरातच झाली. म्हणजे अर्धा पत्ता आम्ही जगाला आधीच सांगून बसलो होतो, आणि आम्हा शहाण्यांच्या ते ध्यानातही आलं नव्हतं.

एका भयपटासाठी आम्हाला गाणं मागितलं गेलं. एकटी बाई, बंद घर, बाहेर कुणीतरी. दिग्दर्शक म्हणाला, "ऐकणाऱ्याने स्वतःच्या दाराकडे बघितलं पाहिजे." भोपळ्याने एका बैठकीत बीट बनवला. कुठून तरी जुनं लाकूड आणून त्यावर बोटं आपटली, ओढ घेतली, खाली एक जड घुमणारा आवाज टाकला. ऐकताच माझ्या अंगावर काटा आला आणि शब्द आपोआप आले.

कडी लाव, साखळी लाव, दिवा घालव, पडदा ओढ,
जिन्यावरती बूट थांबले, आता तरी श्वास सोड.

आम्ही ते गाणं शंभरदा म्हटलं असेल. काखेत कळसा नि गावाला वळसा म्हणतात ना, तसं झालं. भोपळा आठवड्यातून चार वेळा आमचं दार वाजवायचा. ते वाजवणं त्याच्या बोटांत मुरलं होतं, आणि बीट बनवताना बोटांनी तेच केलं. त्याच्या लक्षात आलं नाही. माझ्याही नाही, कारण माझ्यासाठी ती खूण हाताची होती, कानाची नव्हती. मी ती नेहमी वाजवलेली. आत बसून ऐकायची ताई.

मिक्सिंगच्या वेळी मात्र भांडण झालं. चित्रपटाचा आवाजवाला म्हणाला, "ठेका लंगडतोय. शेवटचा ठोका उशिरा पडतो." मी म्हटलं, तो तसाच आहे. तो म्हणाला, "लोक नाचणार कसे?" मी म्हटलं, नाचता येईना अंगण वाकडं. त्याने हसून कॉम्प्युटरवर सगळे ठोके आपापल्या चौकटीत सरळ बसवून टाकले. आता ते सैन्याच्या कवायतीसारखं वाजायला लागलं. मी दोन दिवस फुगून बसले. मग पोटापुढे कोणाचं चालतं, आम्ही तेच सरळ गाणं व्हिडिओसाठी पाठ केलं.

व्हिडिओ स्टुडिओत केला. एक खोटा जिना, एक खोटं दार, आणि माझा हात त्यावर गाण्याचा ठेका वाजवतोय. व्हिडिओ करणाऱ्या बाईंना तो हात इतका आवडला की अर्धा दिवस तेवढंच चाललं. सरळ, सरळ, अजून सरळ. पेरं सोलून निघाली. ताईबद्दल मी काळजी घेतली होती: घराची खिडकी नको, रस्ता नको, इमारत नको. बाईंना वाटलं मला भाव खायचाय.

गाणं बाहेर आलं त्या संध्याकाळी आम्ही तिघं आमच्याच घरी होतो. ताई एका कुरिअर कंपनीच्या तक्रारी घरूनच फोनवर घेते. काम संपवून तिने उजव्या कानावरचा हेडफोन काढला आणि येऊन बसली. भोपळ्याने व्हिडिओ लावला. पडद्यावर अंधार, आणि अंधारात ठोके.

ताई उठली आणि दाराकडे गेली.

कडीला हात लावून ती तशीच उभी राहिली. मग मागे वळून आम्हाला एकेक करून पाहिलं. मी इथे, भोपळा इथे, मास्तर इथे. "बाहेर कोण आहे मग?" तिने विचारलं.

पडद्यावर माझा हात दार वाजवत होता. भोपळ्याने स्वतःच्या बोटांकडे पाहिलं आणि त्याचा चेहरा पांढराफटक पडला. आपल्याच पायावर धोंडा पाडून घेतात तो स्वतःच्या पायावर तरी असतो. आम्ही तो ताईच्या पायावर पाडला होता.

मी लगेच नवी खूण ठरवली. तीन आणि एक. दुसऱ्याच दिवशी मी सामान घेऊन आले आणि हाताने जुनीच खूण वाजवली. ताईने नियम पाळला. अर्धा तास मी बाहेर, ती आत कपाट लावून, पोलीस खाली. पोलीस परत गेल्यावर ती म्हणाली, "जुनीच ठेवू. घाबरल्यावर मला नवीन आठवणार नाही."

"अख्ख्या जगाला माहीत असलेली खूण कसली खूण?" मी चिडले.

"जगाला गाणं माहीत आहे," ताई म्हणाली. तक्रारी घेताना बोलते त्याच थंड आवाजात. मला वाटलं, भीतीने तिचं डोकं चालेनासं झालंय.

आणि गाणं चाललं, अगदी तुफान. इमारतीतली पोरं जिन्याच्या कठड्यावर, डब्यांच्या झाकणांवर, एकमेकांच्या पाठीवर तो ठेका वाजवायला लागली. प्रत्येक वेळी ताईचा हात जिथे असेल तिथे थांबायचा. समोरच्या काकू मला जिन्यात अडवून म्हणाल्या, "तुझ्या त्या टकटकीने माझं डोकं उठलंय. काहीतरी चांगलं म्हण की." खालच्या मजल्यावरचे काका मात्र हौशी. त्यांनी कौतुकाने फाटकावर माझ्या फोटोचा एवढा मोठा फलक लावला: 'तिसरा मजला आमच्या इमारतीचा.' मी तो टराटरा फाडला, काकांना नको ते बोलले, पण तोवर पोरांनी त्याखाली उभं राहून फोटो काढले होते आणि ते फोटो जायचे तिथे गेले होते. काका अजून माझ्याशी बोलत नाहीत. त्यांचं चुकलं नव्हतं, पण राग काढायला मला दुसरं कुणी सापडलं नाही.

तेव्हापासून मी रस्त्यात प्रत्येक माणसाचे खांदे बघत चालायचे. त्याचे खांदे पुढे झुकलेले आहेत. आणि त्याच्या हाताला एक चाळा आहे: पेटवायचं काही नसलं तरी लायटरचं झाकण उघडायचं, मिटायचं. टिक, टिक. ताई म्हणायची, मार त्यानंतर यायचा. आधी तो आवाज.

चित्रपट लागला त्या आठवड्यात रेडिओवर आमची मुलाखत होती. भर दुपार. निवेदिका म्हणाली, "तो प्रसिद्ध ठेका टेबलावर वाजवून दाखवा ना." मी वाजवला. हात खाली आणते तो फोन थरथरला. ताईचा निरोप होता: 'दार वाजतंय. सरळ वाजतंय. पोलिसांना सांगितलंय.'

मी कानावरचा हेडफोन काढून टेबलावर ठेवला आणि निघाले. मागे निवेदिका काहीतरी विनोद करत होती. मास्तरची शिकवणीची गाडी बाहेर उभी होती, डोक्यावर 'शिकाऊ' अशी पाटी असलेली. आयुष्यभर लोकांना सावकाश चालवा म्हणणारा मास्तर त्या दिवशी असा सुटला की पाटी वळणावर उडून गेली. मागच्या सीटवर भोपळा स्वतःच्या बोटांवर बसला होता. "माझ्यामुळे," तो एवढंच म्हणत होता. मी त्याला गप्प बस म्हणाले, कारण मीही तेच म्हणत होते, फक्त मनात.

आम्ही पोचलो तेव्हा पोलीस आले नव्हते. "तुम्ही फाटकात थांबा," मी दोघांना सांगितलं. "खांदे झुकलेला कुणी बाहेर पडला तर सोडू नका." आणि जिना चढले. पहिला मजला. दुसरा. एका दारामागे टीव्ही चालू होता. आमच्या मजल्यावर तीन दारं, तिन्ही बंद, जिन्यात चिटपाखरू नाही. गेला असेल, मी स्वतःला म्हटलं. दाराशी जाऊन मी वाजवलं.

सरळ वाजलं.

माझ्याच कानाला कळलं. स्टुडिओतला अर्धा दिवस, नंतरचे कार्यक्रम, मघाचं टेबल, आणि आजची घाई. हाताला तेच वळण लागलं होतं. मी परत वाजवलं. पुन्हा सरळ. शेवटचा ठोका जिथे थांबायचा तिथे थांबतच नव्हता, धावत येऊन चौकटीत बसत होता. आत कपाट दाराला आणखी घट्ट लागल्याचा आवाज आला. आणि तेव्हा मला कळलं, ताईने 'सरळ' असं का लिहिलं होतं. सरळ म्हणजे गाणं, परकं माणूस. आणि मी सरळ वाजवलं म्हणजे मला कुणीतरी धाकाने आणलंय.

"ताई," मी म्हटलं, "मीच आहे गं, उघड."

बोलले आणि माझाच आवाज ऐकून थिजले. आईचे शब्द, जसेच्या तसे.

आईची आठवण आली तशी तिची चालही आली. मी दारापासून दोन पावलं मागे गेले, उजवा पाय आखडला, चप्पल घासली, थांबले, पाऊल टाकलं. परत एकदा. गुडघ्यात आईचं दुखणं यावं तसं यायला लागलं, आणि हातात तो थांबा परत आला. आता येणार होतं मला. मी हात वर केला.

टिक.

आवाज माझ्या डोक्यावरून आला. वरच्या जिन्याच्या वळणावरून.

टिक, टिक.

हात वरच राहिला. त्याने गाण्यातलं वाजवून पाहिलं होतं, दार उघडलं नव्हतं. म्हणून तो वर जाऊन बसला होता, दार उघडून घेणारं माणूस येईपर्यंत. मी बरोबर वाजवलं की ताई कपाट सरकवणार, कडी काढणार, आणि माझ्या मागून तो चार उड्यांत खाली येणार. आईच्या वेळी झालं तेच, आता माझ्या हाताने.

पळावंसं वाटलं. खरंच सांगते, एक क्षण मला ताई दिसत नव्हती, फक्त खाली जाणारा जिना दिसत होता. मग मी हात दारावर आपटला. सरळ. जेवढं सरळ येईल तेवढं, कवायतीसारखं, आवाजवाल्याने शाबासकी दिली असती असं. आणि तोंड उघडलं.

"कडी लाव, साखळी लाव, दिवा घालव, पडदा ओढ!"

आवाज चिरकला. मी थांबले नाही. मुठीने दार बडवत, अख्खा जिना घुमेल असं गाणं म्हणायला लागले. समोरचं दार सर्वांत आधी उघडलं. "आता दारात उभं राहूनही तेच गाणं?" काकू कमरेवर हात ठेवून उभ्या. मग खालून पोरं धावत आली, हातात फोन, त्यांना वाटलं खास त्यांच्यासाठी कार्यक्रम आहे. ती टाळ्यांवर ठेका धरायला लागली. खालचे काकासुद्धा रुसवा विसरून वर आले. मी म्हणत होते आणि रडत होते, आणि एका पोराने विचारलं, हे गाण्यातच आहे का.

मग तो खाली आला. सावकाश, कठड्याला धरून. एका हातात लायटर, दुसऱ्या हातात फुलांचा गुच्छ. मला पाहून हसला. "मेहुणीचं अभिनंदन करायला आलो होतो," तो सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला. "फार छान म्हणतेस."

काकूंनी त्याला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. "अभिनंदन करायची ती इथे खाली आहे," त्या म्हणाल्या. "तुम्ही वर काय करत होतात? वरच्या मजल्यावर कुणी राहतच नाही."

जिना पोरांनी भरला होता आणि सगळे फोन त्याच्या तोंडावर होते. त्याने वाट काढायचा प्रयत्न केला. काका बाजूला झाले नाहीत. आणि खालून भोपळ्याचा आवाज आला, "वर, वर, तिसरा मजला!" त्याच्यामागे दोन पोलीस धापा टाकत होते. ताईचं नाव आणि कोर्टाचा हुकूम त्यांच्याकडे आधीच होता. त्याला नेताना गुच्छ पायरीवर पडला. तो कुणी उचलला नाही.

जिना रिकामा व्हायला बराच वेळ गेला. काकू शेवटपर्यंत थांबल्या, मग "पाणी पी" म्हणून आत गेल्या. मी वरच्या वळणापर्यंत जाऊन पाहिलं. कुणी नव्हतं. परत आले. दारासमोर पाय घासत चालले, दोन पावलं, ओढ, थांबा, पाऊल. मग वाजवलं.

कपाट सरकलं. कडी निघाली. ताईच्या हातात इस्त्री होती, तापलेली, वायर मागे लोंबत होती. तिने मला आत ओढलं, दार लावलं, आणि आम्ही दोघी तिथेच फरशीवर बसलो.

"सरळ वाजलं आणि मग तुझा आवाज आला, तेव्हाच मला कळलं," ती म्हणाली. "तो मागे आहे म्हणून तू सरळ वाजवलंस. शहाणी गं माझी."

मी मान हलवणार होते. पण तिच्याशी खोटं बोलवेना. "ताई, तेव्हा मला माहीतच नव्हतं तो वर आहे," मी म्हटलं. "मी बरोबरच वाजवायला गेले होते. हात बिघडलाय माझा. त्या गाण्याने बिघडलाय."

हात बिघडला नसता तर पहिलाच ठोका बरोबर पडला असता, आणि तिने उघडलं असतं. हे तिच्या चेहऱ्यावर हळूहळू उमटताना मला दिसलं. तिने इस्त्री खाली ठेवली. माझा हात धरायला तिला दोनदा प्रयत्न करावा लागला.

खाली अंगणात पोरांनी पुन्हा तो ठेका धरला होता. आम्ही उठलो आणि दोघींनी मिळून कपाट परत दाराला लावलं.